नव्या लाटेला जामीन राहिलेला माणूस

१९५९ च्या उन्हाळ्यात फ्रेंच चित्रपटनिर्माता जॉर्ज द बोरगार कर्जात होता. पिएर लोती या जुन्या कादंबरीकाराच्या दोन कादंबऱ्यांवर त्याने लागोपाठ दोन चित्रपट काढले होते आणि दोन्हींनी त्याला हात दिला नव्हता. अशा वेळी कुणीही निर्माता एखादा मुरलेला दिग्दर्शक आणि एखादा चलनी नाणं ठरलेला नट शोधेल. बोरगारने निवडला एक तिरसट समीक्षक, ज्याने तोवर एकही पूर्ण लांबीचा चित्रपट केलेला नव्हता. त्या समीक्षकाचं नाव जाँ-ल्युक गोदार, आणि चित्रपट 'आ बू द सूफ्ल', म्हणजे आपल्याकडे 'ब्रेथलेस' नावाने माहीत असलेला.

गोदारवर पुस्तकांचे ढीग आहेत. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेला कुणीही त्याच्यावर तासभर बोलेल. बोरगारचं नाव मात्र श्रेयनामावलीत येतं आणि सरकून जातं. मला हे अन्यायाचं वाटतं, आणि त्याहून जास्त नुकसानीचं. निर्माता नेमकं काय करतो हे कळलं नाही, तर एखादा चित्रपट जसा दिसतो तसा का दिसतो याचं अर्धं उत्तर आपल्या हातून निसटतं. बोरगारची कारकीर्द हे उत्तर शोधायला सोयीची आहे, कारण निर्मात्याच्या वाट्याला येणारं जवळपास सगळं तिच्यात येऊन जातं: उधारी, भांडणं, मंत्र्याची बंदी, कोर्टकचेरी, आणि मधूनच एखादा चित्रपट जो साठ वर्षांनंतरही ताजा वाटतो.

पैसा इतरांचा, जबाबदारी आपली

निर्माता म्हणजे पैसे घालणारा, अशी आपली ढोबळ समजूत असते. फ्रान्समध्ये तरी ती फारशी लागू पडत नाही. तिथल्या बहुतेक निर्मात्यांकडे चित्रपट पुरा करण्याइतका पैसा कधीच नसतो. त्यांचं काम इतरांचा पैसा एका जागी आणणं आणि त्या सगळ्यांना जामीन राहणं. फ्रेंच व्यवहारात ज्याला 'प्रोद्युक्तर देलेगे' म्हणतात, तो मुख्य निर्माता चित्रपट पुरा करून देण्याची हमी घेतो. बजेट उलटलं, नटी आजारी पडली, आठवडाभर पाऊस लागला, तर वरचा खर्च त्याच्या डोक्यावर.

पैसा वेगवेगळ्या वाटांनी येतो. वितरक चित्रपट तयार होण्याआधीच काही रक्कम आगाऊ देतो. आपल्याकडच्या धंद्यात तिला एमजी (मिनिमम गॅरंटी) म्हणतात. परदेशातला सहनिर्माता आपला वाटा उचलतो. सरकारी संस्थेकडून मदत मिळू शकते. आणि हे सगळे करार तारण ठेवून बँक कर्ज देते, कारण प्रत्यक्ष रक्कम हातात यायला वेळ लागतो आणि शूटिंगच्या दिवशी लाइटवाल्यांना रोजचे पैसे द्यावेच लागतात. गोम अशी की यातला प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवतो. वितरक विचारतो, नट कोण? नटाचा एजंट विचारतो, वितरक कोण? बँक विचारते, दोघांच्या सह्या झाल्या का? निर्माता या सगळ्यांच्या मध्ये उभा राहून प्रत्येकाला सांगत असतो की बाकीचे जवळजवळ तयार आहेत. हे बोलणं खोटं ठरू नये म्हणून धावपळ करणं, हा त्याचा दिवस.

'ब्रेथलेस' च्या वेळी हे कसं जमलं ते बघण्यासारखं आहे. मे १९५९ मध्ये फ्रान्स्वा त्रुफोला कान महोत्सवात दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं होतं. क्लोद शाब्रोलचे पहिले दोन चित्रपट गाजत होते, त्यातल्या दुसऱ्याला त्याच वर्षी बर्लिन महोत्सवात सुवर्ण अस्वल हे सर्वोच्च पारितोषिक मिळालं. म्हणजे काल-परवापर्यंत नुसती समीक्षा लिहिणाऱ्या या दोन तरुणांच्या नावाला अचानक बाजारात किंमत आली होती. गोदार त्यांचा मित्र. त्यामुळे कागदावर असं लिहिलं गेलं: कथा त्रुफो, तांत्रिक सल्लागार शाब्रोल. त्रुफोची कथा म्हणजे काही पानांचा आराखडा होता, आणि शाब्रोलचा सल्ला नावापुरता. पण त्या काळी फ्रान्समध्ये दिग्दर्शकाला व्यवसायाचं ओळखपत्र लागायचं, नवख्याच्या मागे कुणी अनुभवी माणूस आहे हे दाखवावं लागायचं, आणि वितरकालाही काहीतरी ओळखीचं हवं असायचं. दोन मित्रांच्या नावांनी दोन्ही गरजा भागल्या. वितरणसंस्था तयार झाली. अमेरिकन कंपनीच्या करारात असलेली जीन सिबर्ग मिळवली, तिच्यासाठी मोजलेली रक्कम इतक्या लहान बजेटला जडच होती. नायक जाँ-पॉल बेलमोंदो तेव्हा कुणी मोठा नट नव्हता, म्हणून स्वस्तात मिळाला. एकूण खर्च त्या काळच्या सर्वसाधारण फ्रेंच चित्रपटापेक्षा कितीतरी कमी.

इथवर झाला हिशोब. पण याच हिशोबातून त्या चित्रपटाचं रूप घडलं, आणि मला या माणसाबद्दल जे सांगायचं आहे ते मुख्यतः हेच.

गोदारच्या मनात दुसरा कॅमेरामन होता. बोरगारने राऊल कुतारचा आग्रह धरला, कारण कुतार त्याच्या आधीच्या चित्रपटांवर काम करत होता. कुतारने इंडोचायनाच्या युद्धात सैन्यासाठी छायाचित्रण केलेलं. खांद्यावर कॅमेरा घेऊन, दिवे न लावता, मिळेल त्या उजेडात काम करायची त्याला सवय. गोदारला तेच हवं होतं, फक्त ते या माणसाकडून मिळेल हे त्याला आधी ठाऊक नव्हतं. स्थिर छायाचित्रांसाठी वापरली जाणारी जास्त संवेदनशील इलफर्डची फिल्म आणून तिचे छोटे तुकडे जोडून रिळं बनवली, त्यामुळे रात्रीच्या पॅरिसमध्ये रस्त्यावरच्या उजेडात शूटिंग करता आलं. ट्रॉली आणि रूळ यांचा खर्च नको म्हणून कुतारला व्हीलचेअरवर बसवून ढकललं. आवाज नंतर डबिंगमध्ये भरला. स्टुडिओचं भाडं वाचलं, मोठ्या युनिटचं जेवणखाण वाचलं. आज चित्रपट शिकवणारे ज्याला नव्या लाटेची, म्हणजे त्या काळच्या तरुण फ्रेंच दिग्दर्शकांच्या प्रवाहाची, शैली म्हणतात, तिच्यातला मोठा भाग त्या उन्हाळ्यात काटकसर म्हणून सुरू झाला.

शूटिंग १७ ऑगस्टला सुरू झालं आणि सप्टेंबरच्या मध्यापर्यंत उरकलं. गोदार सकाळी कॅफेत बसून त्या दिवसाचे संवाद लिहायचा, कधी दोन तास काम करायचा आणि सगळ्यांना घरी पाठवायचा. रोजचा खर्च चालू असताना हे सहन करणं निर्मात्यासाठी किती कठीण असेल, याची कल्पना करा. एका दिवशी गोदारने आजारी असल्याचा निरोप पाठवला आणि बोरगारला तो एका कॅफेत बसलेला सापडला. दोघांची चक्क झटापट झाली. हा किस्सा बहुतेक जण गोदारच्या विक्षिप्तपणाचा म्हणून सांगतात. मला त्यातली पुढची गोष्ट मोलाची वाटते: बोरगारने चित्रपट बंद केला नाही. तो संतापला, त्याने दम भरला, आणि पैसे पुरवत राहिला.

संकलनाच्या वेळी चित्रपट फार लांब निघाला. करारात साधारण दीड तासाची मर्यादा होती. सर्वसाधारण उपाय म्हणजे दोन-चार प्रसंग उडवणं. गोदारने प्रसंग ठेवले आणि त्यांच्या आतून तुकडे कापले. गाडीत बसलेल्या सिबर्गची मान एका कोनात असते, क्षणात दुसऱ्याच कोनात. मधला वेळ गायब. या उड्या घेणाऱ्या कापणीने जगभरच्या संकलनाची भाषा बदलली. ती कल्पना गोदारची, यात शंका नाही. पण तिला जन्म द्यायला एक अडसर लागला, आणि तो अडसर करारात होता.

मार्च १९६० मध्ये चित्रपट लागला. फ्रान्समध्ये २० लाखांहून अधिक तिकिटं खपली. बोरगार ३९ वर्षांचा होता.

तिकिटातला सरकारी वाटा

एका चित्रपटाच्या यशावर बोरगारने पुढच्या सात-आठ वर्षांत इतके चित्रपट कसे काढले, हे समजायला फ्रान्सची व्यवस्था माहीत हवी. ही व्यवस्था बाहेरून गुंतागुंतीची दिसते, पण मूळ कल्पना सरळ आहे.

१९४६ मध्ये फ्रान्सने चित्रपटासाठी एक राष्ट्रीय संस्था काढली, तिचं लघुनाम सीएनसी. १९४८ पासून सिनेमाच्या प्रत्येक तिकिटावर एक खास कर बसवला. तो सरकारच्या सामान्य तिजोरीत जात नाही, थेट चित्रपटांच्या निधीत जातो. आज त्याचा दर तिकिटाच्या १०.७२ टक्के आहे. यातली खरी मेख अशी की कर सगळ्याच चित्रपटांच्या तिकिटांवर आहे. पॅरिसमध्ये कुणी हॉलिवूडचा सुपरहिरोपट बघितला तरी त्या तिकिटातला वाटा याच निधीत येतो, आणि निधीतून निर्मितीसाठी मदत मिळते ती फ्रेंच निर्मात्याला. फ्रेंच सिनेमा काही प्रमाणात हॉलिवूडच्या लोकप्रियतेवरच पोसला जातो, हे ऐकायला विचित्र वाटेल, पण व्यवस्थेची रचनाच तशी आहे.

या निधीतून पैसा दोन रीतींनी वाटला जातो. पहिली रीत आपोआपची. तुमच्या चित्रपटाची तिकिटं जितकी खपली, त्या प्रमाणात तुमच्या नावावर रक्कम जमा होते. मात्र ती घरी नेता येत नाही. पुढच्या चित्रपटातच घालावी लागते. मराठी वाचकाला हे ओळखीचं वाटेल. सत्तरच्या दशकात महाराष्ट्र सरकारने मराठी चित्रपटांसाठी करमणूक कर परताव्याची योजना आणली तेव्हा तिच्यातही हाच विचार होता: परतावा हवा असेल तर पुढचा मराठी चित्रपट काढा. फरक एवढाच, आणि तो फार मोठा आहे, की आपल्याकडे मराठी चित्रपटाचाच कर त्याला परत मिळायचा. फ्रान्समध्ये दुसऱ्यांच्या गल्ल्यातूनही घरच्या सिनेमाला वाटा मिळतो.

दुसरी रीत निवडीची. १९५९ मध्ये आंद्रे मालरो संस्कृतिमंत्री झाला आणि 'उत्पन्नावरची आगाऊ रक्कम' ही योजना सुरू झाली. समिती पटकथा वाचते, पसंत पडली तर बिनव्याजी रक्कम देते. चित्रपट चालला तर ती परत करायची, नाही चालला तर निर्मात्याच्या मागे कुणी लागत नाही. पहिला चित्रपट करू पाहणाऱ्या कित्येकांना या योजनेने उभं केलं.

आपोआपच्या मदतीमुळे एक यशस्वी चित्रपट निर्मात्याला पुढच्या चित्रपटाकडे ढकलतो. थांबला तर ती रक्कम नुसती पडून राहते. 'ब्रेथलेस' नंतर बोरगार थांबला नाही यात नवल नाही. त्याने ती रक्कम कुणावर लावली, त्यात मात्र त्याचा स्वतःचा विचार दिसतो.

एकाने दुसऱ्याचं नाव सांगायचं

बोरगारचा जन्म मार्सेचा, १९२० चा. पत्रकारिता करून तो परदेशात फ्रेंच चित्रपट विकण्याच्या धंद्यात आला, आणि त्यातून स्पेनला पोचला. फ्रँकोच्या हुकूमशाहीत राहून सरकारवर टीका करणाऱ्या हुआन आंतोनियो बार्देमचे 'सायकलस्वाराचा मृत्यू' (१९५५) आणि 'काये मायोर' (१९५६) हे दोन महत्त्वाचे चित्रपट त्याच्या सहनिर्मितीचे. 'काये मायोर' चं शूटिंग चालू असताना बार्देमला अटकही झाली होती. म्हणजे अडचणीतल्या दिग्दर्शकाशी कसं वागायचं, हे बोरगारला गोदारच्याही आधी माहीत होतं.

पटकथा वाचून निवड करणारा तो माणूस नव्हता. तो माणसांवर पैसे लावायचा, आणि नवी माणसं त्याला आधीच्या माणसांकडून मिळायची. गोदारने जाक देमीचं नाव सुचवलं. देमीला 'लोला' हा रंगीत, गाण्यांनी आणि भरजरी कपड्यांनी सजलेला चित्रपट करायचा होता. बोरगारने हिशोब मांडला आणि सांगितलं, कृष्णधवल कर, साधा कर. देमीने नाँत शहरात, आवाज न ध्वनिमुद्रित करता, कुतारला घेऊन तो केला. त्यातली पांढऱ्या उजेडात न्हालेली गॅलरी आणि रस्ते बघताना रंगांची आठवणही येत नाही.

मग दिग्दर्शिका आन्येस वार्दा आली. तिच्याकडे वेगवेगळ्या शहरांत घडणारा एक महागडा विषय तयार होता. बोरगार म्हणाला, तो राहू दे, पॅरिसमध्ये घडणारा छोटा, स्वस्त चित्रपट कर. वार्दाने त्या बंधनाचं काय केलं ते बघा: प्रवासाला पैसे नाहीत, तर सगळं पॅरिसमध्ये, दिवस वाढवायला पैसे नाहीत, तर एकाच दिवसाची गोष्ट, आणि तीही दीड तासाची. कर्करोगाच्या तपासणीचा निकाल यायची वाट बघणारी एक गायिका शहरात फिरते, आणि तिचा वेळ व आपला वेळ जवळजवळ बरोबरीने चालतो. 'क्लेओ फ्रॉम ५ टू ७' (१९६२) आज जगातल्या उत्तम चित्रपटांत मोजला जातो. तो असा आहे, याचं एक कारण बोरगारची तंगी.

सगळीकडे असंच छान जमलं असं नाही. जाक रोझिएचा 'अद्यू फिलिपीन' १९६० मध्ये चित्रित झाला, ध्वनिमुद्रणाचा घोळ झाला, संवाद जुळवता जुळवता महिने गेले, निर्माता आणि दिग्दर्शक यांचं बिनसलं, आणि चित्रपट लागायला १९६३ उजाडलं. बोरगारची पद्धत झटपट काम करणाऱ्यांना मानवायची. रोझिए सावकाश चालणारा. अशा माणसाला वेळ देण्याइतकं भांडवल बोरगारकडे नव्हतं, आणि मला वाटतं, तितका धीरही नव्हता.

बोरगार एका हाताने जुगार खेळायचा आणि दुसऱ्या हाताने घर सांभाळायचा. जाँ-पिएर मेलव्हीलने बेलमोंदोला घेऊन केलेले 'लेओं मोरँ, प्रेत्र' आणि 'ल दुलोस' चांगले चालले. त्याच सुमाराला गोदारच्या 'ले काराबिनिए' ला पॅरिसमध्ये सुरुवातीला जेमतेम काही हजार प्रेक्षक मिळाले. एकाच निर्मात्याच्या वहीत दोन्ही नोंदी आहेत, आणि पहिलीशिवाय दुसरी शक्य झाली नसती.

दोन देशांचा चित्रपट

या काळातले बोरगारचे बरेच चित्रपट 'रोम-पॅरिस फिल्म्स' या नावाखाली आले. इटलीचा बडा निर्माता कार्लो पोंती याच्याबरोबरची ही भागीदारी. दुसऱ्या महायुद्धानंतर लगेचच फ्रान्स आणि इटलीने सहनिर्मितीचा सरकारी करार केला होता. त्याचा अर्थ असा: दोन्ही देशांतला पैसा आणि माणसं ठरलेल्या प्रमाणात वापरली, तर तो चित्रपट फ्रान्समध्ये फ्रेंच आणि इटलीत इटालियन धरला जाणार, आणि दोन्हीकडच्या सरकारी मदतीला पात्र ठरणार. कागदोपत्री नागरिकत्वच ते.

हे आपल्यापासून दूरचं नाही. भारत आणि फ्रान्स यांच्यातही १९८५ मध्ये सहनिर्मितीचा करार झाला. पायल कपाडियाचा 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट' मुंबईत आणि रत्नागिरीकडे चित्रित झाला, त्यात मल्याळम आणि हिंदीबरोबर मराठी आहे, आपली छाया कदम आहे. आणि त्याचे मुख्य निर्माते आहेत 'पेती काओस' या छोट्या फ्रेंच कंपनीचे तोमा हाकीम आणि ज्युलियँ ग्राफ. फ्रान्सच्या सीएनसीची परदेशी चित्रपटांसाठीची मदत त्याला मिळाली, आणखी युरोपीय देशांतून पैसा आला. म्हणजे पॅरिसच्या तिकीटखिडकीवरच्या कराचा अंश परळ-दादरच्या गर्दीपर्यंत आणि कोकणच्या किनाऱ्यापर्यंत पोचला. २०२४ मध्ये कानला त्याला ग्रां प्री मिळाल्यावर तो फ्रान्सच्या ऑस्कर प्रवेशिकेसाठी निवडलेल्या चार चित्रपटांच्या यादीतही होता. अनेकांना तेव्हा प्रश्न पडला, हा भारतीय चित्रपट फ्रान्सच्या यादीत कसा? उत्तर निर्मात्यांच्या करारात आहे.

पण भागीदार वाढले की मालकही वाढतात. बोरगारला हे गोदारच्या १९६३ च्या 'ल मेप्री' च्या वेळी नीट कळलं. इटालियन लेखक मोराव्हियाची कादंबरी, इटलीतलं शूटिंग, आणि नायिका ब्रिजित बार्दो, जिच्यावर बजेटचा निम्म्याच्या आसपास भाग गेला. पोंतीबरोबर अमेरिकन वितरक जोसेफ लेव्हिनचा पैसा होता. लेव्हिनने चित्रपट बघितला आणि विचारलं, बार्दोचं उघडं अंग कुठे आहे? त्यासाठीच तर पैसे दिले. गोदारने सुरुवातीचा तो प्रसिद्ध प्रसंग नंतर चित्रित करून जोडला आणि मागणी पुरी करतानाच तिची हवा काढून घेतली: नवरा-बायको पलंगावर, आणि ती आपल्या एकेका अवयवाबद्दल शांतपणे विचारते आहे.

इथे फ्रेंच कायद्याचा एक मुद्दा समजून घ्यायला हवा. १९५७ च्या लेखकहक्क कायद्याने दिग्दर्शकाला चित्रपटाचा एक लेखक मानलं. अंतिम प्रत निर्माता आणि दिग्दर्शक यांच्या संमतीने ठरते; निर्माता एकटा कात्री लावू शकत नाही. हॉलिवूडमध्ये उलट, तिथे हक्क विकत घेणारी कंपनी मालक. 'ल मेप्री' मध्ये हे दोन्ही जगांचे नियम एकमेकांवर आदळले. फ्रान्समधली प्रत गोदारची राहिली. इटलीत पोंतीने चित्रपट कापून, संगीत बदलून, नव्याने डब करून दाखवला आणि गोदारने त्या प्रतीवरून आपलं नाव काढायला लावलं. बोरगार या दोघांच्या मध्ये होता.

बंदी आली की पैसे कुणाचे अडकतात

चित्रपटावर बंदी आली की आपण दिग्दर्शकाच्या अभिव्यक्तीबद्दल बोलतो, आणि बोलायलाच हवं. पण कर्जाचं व्याज दिग्दर्शकाला भरावं लागत नाही.

बोरगारवर ही वेळ दोनदा आली. 'ल पती सोल्दा' हा गोदारचा दुसरा चित्रपट १९६० मध्ये तयार होता. अल्जीरियाचं फ्रेंच सत्तेविरुद्धचं युद्ध चालू होतं, चित्रपटात छळाचे प्रसंग होते, आणि सरकारने तो अडवला. युद्ध संपल्यावर, १९६३ मध्ये, तो लागला.

दुसरा घाव जास्त खोल. दीदरोच्या अठराव्या शतकातल्या कादंबरीवर जाक रिवेतने 'ला रलिजियूज' केला: मनाविरुद्ध मठात टाकलेल्या मुलीची गोष्ट, भूमिका आना कारिनाची. पटकथेच्या टप्प्यावरच इशारे मिळाले होते. शूटिंग चालू असतानाच मठांतल्या जोगिणींनी आणि कॅथलिक शाळांतल्या पालकांनी सरकारकडे तक्रारींची पत्रं पाठवली. तरीही सेन्सॉर मंडळाने चित्रपट पास केला. तो परत पाठवला गेला, मंडळाने पुन्हा पास केला. आणि १९६६ च्या वसंतात माहिती खात्याचा मंत्री ईव्हों बुर्ज याने मंडळाचा निर्णय बाजूला सारून बंदी घातली.

बोरगार गप्प बसला नाही. त्याने सह्यांची मोहीम उघडली. फ्रेंच राज्यक्रांतीच्या सालावरून ती '१७८९ जणांचं निवेदन' म्हणून ओळखली गेली. गोदारने मालरोला जळजळीत खुलं पत्र लिहिलं. मालरोने बंदी उठवली नाही, पण कान महोत्सवात चित्रपट दाखवायला आडकाठीही केली नाही, आणि त्यामुळे एकाच सरकारने बंदी घातलेला चित्रपट त्याच देशाच्या सर्वात मोठ्या महोत्सवात झळकला. १९६७ मध्ये नव्या मंत्र्याने परवानगी दिली, १८ वर्षांवरच्यांसाठी. इतक्या गाजावाजानंतर गर्दी झाली. मूळ बंदी बेकायदा होती, असं फ्रान्सच्या सर्वोच्च प्रशासकीय न्यायालयाने म्हटलं ते १९७५ मध्ये.

मधल्या वर्षभरात बोरगारची रोकड आटली होती. त्याने गोदारला गळ घातली: लगेच एक चित्रपट करून दे, म्हणजे वितरकांकडून आगाऊ रक्कम उचलता येईल. गोदार तेव्हा दुसऱ्या एका चित्रपटात गुंतला होता, तरी १९६६ च्या उन्हाळ्यात त्याने दोन्ही एकदमच केले. तो चित्रपट 'मेड इन यूएसए'. भांडखोर म्हणून बदनाम असलेल्या गोदारने ज्या माणसाशी एकदा झटापट केली होती, त्याच्यासाठी हे केलं, हे मला त्या दोघांच्या नात्याबद्दल पुष्कळ सांगून जातं.

मात्र याच चित्रपटात बोरगारची काळी बाजूही दिसते. कथा अमेरिकन लेखक डोनाल्ड वेस्टलेकच्या कादंबरीवरून घेतलेली, आणि हक्कांचे पैसे पूर्ण चुकते केले नव्हते. वेस्टलेकने दावा लावला आणि जिंकला. त्यामुळे अमेरिकेत हा चित्रपट रीतसर लागला तो थेट २००९ मध्ये. गरिबीत काढलेल्या चित्रपटांचं कौतुक करताना त्या गरिबीचा भार कधी कधी दुसऱ्या कलावंतावर टाकला जातो, हे विसरून चालणार नाही. वेस्टलेक स्वतः लिहून पोट भरणारा माणूस होता.

पुढची वर्षं

साठच्या दशकाअखेर नव्या लाटेतले सगळे आपापल्या वाटांना लागले. बोरगारचा सर्वात जुना सोबती पिएर शोएन्दोर्फर मात्र टिकला. हा कुतारसारखाच इंडोचायनाच्या युद्धात सैन्याचा कॅमेरामन होता आणि तिथे कैदही झाला होता. बोरगारने त्याचा पहिला चित्रपट अफगाणिस्तानात काढला, 'ला ३१७ सेक्स्यों' (१९६५) कंबोडियाच्या जंगलात, आणि 'ल क्राब-ताँबूर' (१९७७) बराचसा समुद्रावरच्या युद्धनौकेत. शेवटच्याला अभिनयाची दोन आणि कुतारच्या छायाचित्रणाचं एक, अशी तीन सेझार, म्हणजे फ्रान्सची राष्ट्रीय चित्रपट पारितोषिकं मिळाली. शोएन्दोर्फर सैनिकांच्या निष्ठेबद्दल बोलणारा, गोदार तोवर माओवादाच्या वाटेने जाऊन आलेला. दोघांचा निर्माता एकच. त्याला कुणाच्या राजकारणाशी देणंघेणं होतं असं दिसत नाही. माणूस चित्रपट पुरा करील का, एवढं तो बघायचा.

१९७५ मध्ये तो आणि गोदार पुन्हा एकत्र आले. 'ब्रेथलेस' इतक्याच छोट्या बजेटमध्ये 'ब्रेथलेस' ची दुसरी आवृत्ती, अशा बोलीवर पैसा उभा राहिला. गोदारने व्हिडिओच्या पडद्यांवर एका कामगार कुटुंबाच्या घरगुती जीवनाचा चित्रपट केला, ज्याचा पहिल्याशी काही संबंध नव्हता. नाव 'न्युमेरो दू', म्हणजे क्रमांक दोन. बोरगारने तोही आपल्या नावाने बाहेर काढला. १९८३ मध्ये त्याला सन्मानाचं सेझार देण्यात आलं आणि सप्टेंबर १९८४ मध्ये पॅरिसला तो वारला. मार्सेच्या एफआयडी या चित्रपट महोत्सवात त्याच्या नावाचं पारितोषिक दिलं जातं.

बोरगारचं काम बघायचं असेल तर 'क्लेओ' पासून सुरुवात करा आणि बघताना मोजत राहा: किती ठिकाणं भाड्याची वाटतात, किती फुकटची? टॅक्सी, कॅफे, बाग, दवाखाना, बस. मग 'ला ३१७ सेक्स्यों' बघा, जिथे सेट म्हणून काही नाहीच, जंगल, पाऊस आणि थकलेली माणसं आहेत. 'ल मेप्री' नंतर बघा, म्हणजे बजेट वाढल्यावर काय आलं आणि काय गेलं ते लक्षात येईल. आणि तिन्हींच्या सुरुवातीची नावं सोडून पुढे जाऊ नका.